तिसऱ्यांदा विचारणारे कोच

चेंडू कुठे आहे हे कोचना कधीच माहीत नसे. बास्केटबॉलचं समालोचन करणाऱ्या माणसाबद्दल हे सांगताना आजही मला हसू येतं. शेजारचा निवेदक बास्केट झाल्याचं ओरडून सांगायचा आणि आमचे सव्वासहा फुटी कोच, एके काळचे व्यावसायिक खेळाडू, पोरांचे गुडघे बघत बसलेले असायचे. खरं तर तेव्हा ते कोच नव्हतेच. दिसेल त्याला काळजीने सूचना द्यायचे, म्हणून ते नाव मीच ठेवलं होतं.

दोन हजारनंतरच्या त्या वर्षांत कंपनीने मला पुण्याहून जपानमधल्या त्सुकुबाला पाठवलं, एका लहान केबल वाहिनीचं स्कोअरचं सॉफ्टवेअर सांभाळायला. सामन्यात मी कोचशेजारी लॅपटॉप घेऊन बसायचो. पडद्यावर आकडा चुकला तर आपली परत पाठवणी ठरलेली, या धास्तीने मी प्रत्येक आकडा पुन्हा पुन्हा तपासायचो.

"देवधर-सान, ठीक ना?" ते विचारायचे.

"दाइजोबु," मी म्हणायचो. म्हणजे ठीक आहे. तिथे अंगात ताप असला तरी हेच उत्तर देतात, मीही लगेच शिकलो होतो. कोच पुन्हा विचारत, मग पुन्हा. एकदा तिसऱ्या वेळी माझा बांध फुटला. झोप लागत नाही, घरची आठवण येते, सगळं भडाभडा बोलून गेलो. त्यांनी डब्यातला भाताचा गोळा पुढे केला आणि आधीच सांगितलं, "यात मासा नाही."

"दोनदा माणूस सवयीने ठीक म्हणतो," ते म्हणाले. "मला संघाच्या डॉक्टरांनी गुडघ्याबद्दल एकदाच विचारलं. मी दाइजोबु म्हटलं आणि खेळलो. ती माझी शेवटची मॅच."

त्यानंतर बरीच वर्षं घरी बसून काढल्यावर त्यांना हा माइक मिळाला होता. दोन मुलींचं घर त्याच्यावर चाललं होतं. तो जाईल की काय, ही भीती त्यांना माझ्याइतकीच होती.

विद्यापीठांच्या स्पर्धेची उपांत्य फेरी थेट दाखवत होतो. सात नंबरचा मुलगा उडी मारून वाकडा उतरला, हात वर करून ठीक असल्याची खूण केली आणि धावू लागला. कोच उठून उभे राहिले. "त्याला बाहेर घ्या," ते माइकवरच म्हणाले. निवेदकाने त्यांची बाही ओढली. माझ्या कानातल्या यंत्रात दिग्दर्शक संतापला होता. पुढे काय होणार ते मला दिसत होतं. त्यांनाही दिसत असणार. त्यांनी हेडफोन काढून टेबलावर ठेवला आणि चार पावलांवरच्या, त्या मुलाच्या संघाच्या बाकाकडे बघून मोठ्याने म्हणाले, "त्याला तीनदा विचारा."

बाकावरच्यांनी विचारलं. तिसऱ्या वेळी मुलगा मटकन खाली बसला. गुडघा वाचला, सामना गेला आणि कोचचा माइकही. वाहिनीला दोष देता येत नाही, समालोचकाने खेळात पडायचं नसतं.

वसंतात त्याच हरलेल्या विद्यापीठाने त्यांना प्रशिक्षक म्हणून बोलावलं. "आता तरी चेंडूकडे बघा," मी चिडवलं.

दोन वर्षांनी मी परत निघालो तेव्हा ते विमानतळाच्या बसपर्यंत सोडायला आले. कठड्याला धरून चालत होते.

"कोच, तुम्ही ठीक ना?"

"दाइजोबु."

सामान ठेवून पुन्हा विचारलं. पुन्हा तेच, हसून. पायरीवर चढल्यावर मी मागे वळून तिसऱ्यांदा विचारलं.

त्यांनी बुटांकडे पाहिलं. "नाही," ते म्हणाले. "फार दुखतं."

दार बंद झालं. बस अगदी वेळेवर सुटली.