बुधवारचा धूर

इसिल्डा ब्रॅमवेल पेरू घेताना आधी विकणाऱ्याच्या तोंडाकडे बघते, पेरूकडे नंतर. टोपलीच्या तळाशी किडके भरलेत की नाही, ते तोंडावरून कळतं म्हणते. आमच्या बेटावरच्या बोस्टन गावात, रस्त्यावर तिची चूल माझ्या चुलीला लागून आहे. ती डुकराच्या बरगड्या भाजते, मी नीरफणस. गिऱ्हाईक दोन्ही घेतं, म्हणून आमचं जमतं. तरी माझ्याकडून चिमूटभर मीठ नेलं तर ते आधी जिभेवर ठेवून बघते.

बरगड्या इकडे सगळेच भाजतात. पिमेंटोच्या झाडाच्या ओल्या लाकडांवर मांस पसरायचं, वर जस्ताचा पत्रा झाकायचा आणि घाई करायची नाही. इसीचं नाव झालं ते वरून लावायच्या सॉसमुळे. पेरूचा गर, काळी साखर, लिंबू, बॉनेट मिरची आणि आणखी काय ते तिचं तिलाच ठाऊक. सॉस शिजवताना ती स्वयंपाकघराचं दार आतून लावून घ्यायची. नवरा लीबर्टसुद्धा बाहेर. त्यानं लाकडं फोडायची, पत्रा उचलायचा, बरगड्या उलटायच्या. शेवटी सॉस लावायचा कुंचा मात्र तिच्याच हातात. एकदा ती कुणाशी बोलत होती म्हणून त्यानं कुंचा उचलला, तर सगळ्यांदेखत म्हणाली, "ठेव तो खाली. साखर करपवशील." गिऱ्हाइकं हसली. लीबर्टही हसला. मला ते हसणं काही बरं वाटलं नव्हतं.

भाऊ वारल्यावर लीबर्ट शनिवारी भरणाऱ्या चर्चमध्ये जायला लागला आणि पुढे त्यानं समुद्रात बाप्तिस्माही घेतला. त्या लोकांत डुक्कर वर्ज्य आणि शनिवारी कामही वर्ज्य. इसीला वाटलं, चार दिवसांचं खूळ आहे, उतरेल. ते उतरलं नाही. शनिवारची लाकडं तो शुक्रवारीच रचून ठेवायचा आणि जेवायला मासे मागायचा.

"माझ्याच बरगड्या खाऊन हे पोट सुटलं," त्याच्या पोटावर बोट टेकवून ती भर रस्त्यात म्हणायची, "आता ते पवित्र झालंय म्हणे!"

मग बुधवारची प्रार्थना सुरू झाली. बुधवारी आमच्या चुली थंड असतात. लीबर्ट दुपार कलली की पांढरा शर्ट घालून निघायचा, दिवेलागणीला परतायचा आणि आल्याआल्या शर्ट स्वतःच धुवायला घ्यायचा. ज्या माणसानं जन्मात आपला रुमाल धुतला नाही तो! एका गुरुवारी सकाळी इसी तो शर्ट घेऊनच माझ्याकडे आली.

"मिस पर्लीन, हुंग."

"काय झालं?"

"हुंग आधी, मग विचार."

धुऊनही शर्टाला धुराचा वास होता. बाहीच्या टोकाला लालसर डाग.

"बाईची भानगड दिसतेय," मी म्हणाले.

"बाई असती तर मी निस्तरलं असतं." तिनं डाग चक्क जिभेला लावला आणि डोळे मिटले. "पेरू आहे. शिवाय आलंही आहे. मी आलं घालत नाही. मिस पर्लीन, हा मेला दुसऱ्या कुणाच्या तरी बरगड्या खातोय!"

त्या आठवड्यात तिनं त्याची नखं तपासली. झोपेत असताना तोंड हुंगलं. बुधवारी पाळकानं काय वाचलं असं विचारलं, तर त्यानं ओळ न् ओळ म्हणून दाखवली.

"एवढं पाठ केलंय, म्हणजे नक्कीच पाणी मुरतंय," ती मला म्हणाली.

पुढच्या बुधवारी आम्ही दोघी त्याच्या मागोमाग निघालो. चर्चमध्ये गाणी चालली होती, पण लीबर्ट तिथं वळला नाही. तो पुढं चालत गेला, थेट वळणावरच्या डल्सी फेसीच्या नव्या टपरीपर्यंत. डल्सीचा नवरा गेला, तेव्हापासून ती एकटीच चूल चालवते. आम्ही शहाळ्यांच्या गाडीआड उभ्या राहिलो.

लीबर्ट खात नव्हता. बाह्या दुमडून, कुंचा हातात धरून तो चुलीपाशी उभा होता. कुंच्याला बांबू बांधून दांडा हातभर लांब केलेला.

"मिस्टर लीबर्ट, आता लावायचा का सॉस?" डल्सीनं विचारलं.

"थांब जरा. चरबी गळू दे. आत्ताच लावलास तर साखर करपेल."

इसी तरातरा पुढं गेली. "प्रार्थना चाललीय का?"

कुंचा हवेतच थांबला. "इसी..."

"खातोस?"

"एक तुकडासुद्धा नाही. हिला विचार."

"हिला कशाला विचारू? तोंड उघड."

त्यानं खरंच तोंड उघडलं. डल्सी खुदकन हसली आणि लगेच निखारे सारखे करायला वाकली.

"मांसाला हात लागायला नको म्हणून तर हा दांडा," तो म्हणाला. "फक्त सॉस चाखतो. पेरूत कुठं डुक्कर असतं?"

"माझा सॉस दिलास हिला?"

"तुझा मला कुठं माहीत आहे? दाराबाहेरून काय दिसतं? हा मी माझा केलाय." तो खाली बघून बोलत होता. "ती मला विचारते, इसी. लावू का, थांबू का, विचारते. म्हणून येतो."

डल्सीनं इसीपुढं बशी सरकवली. "मिस इसी, चाखून तर बघा."

इसीनं बरगडी उलटीसुलटी करून बघितली, हुंगली आणि चावा घेतला. बराच वेळ चावत राहिली. वाईट असती तर तिनं तिथंच थुंकली असती, हे मला आणि लीबर्टला दोघांनाही माहीत होतं. हाड साफ झाल्यावर तिनं ते बशीत ठेवलं.

"चल," ती मला म्हणाली. लीबर्टकडे तिनं बघितलंही नाही. परतताना भाड्याच्या गाडीत दाटीवाटीनं बसलो असताना एकदाच बोलली, "त्याचा हात त्या चुलीवर राहिला, तर माझ्या चुलीला त्यानं फोडलेली नुसती लाकडं उरतील."

गुरुवारी सकाळी तिनं बाजारातून आलं आणलं आणि लीबर्टच्या पुढ्यात टाकलं. "अर्धी चूल तुझी. तुझं पातेलं वेगळं, माझं वेगळं. आणि बुधवारी खरंच प्रार्थनेला जा. देवाच्या नावावर खोटं बोललास, ते काही मला पटलं नाही."

"डल्सीला काय सांगू?"

"तिला एव्हाना येत असेल. नसेल येत, तर इथं येऊन विचार म्हणावं."

दुपारी गर्दी झाली. मी नीरफणस सोलता सोलता बघत होते. लीबर्टच्या बाजूची बशी घेऊन गेलेला एक ट्रकवाला परत आला आणि त्यातलाच सॉस अजून मागू लागला. इसीनं त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं.

"तुला यानं पढवून पाठवलंय का रे?"

"कुणी, बाई? मी तर ह्या रस्त्यानं पहिल्यांदाच आलोय."

तिनं लीबर्टच्या पातेल्यातून डावभर सॉस त्याच्या बशीत ओतला आणि पाठ फिरवून डाव चाटला.

"आलं जास्त झालंय," ती नवऱ्याला म्हणाली, आणि डाव पुन्हा पातेल्यात बुडवला.

"मग परत कशाला चाखतेस?"

"खात्री करून घेतेय."