वारस दाखल्याची पूजा

ठाण्याच्या कोर्टाबाहेर टायपिंग करणाऱ्या भोईरकाकांमुळे माझ्या सासूबाईंना घर मिळतंय. घालवत होतो ते मी.

सासूबाईंची वर्तकनगरची इमारत पाडून नवी होणार. सासरे वारलेले, म्हणून सोसायटीने कोर्टाचा वारस दाखला मागितला. आठ दिवसांत आणा, नाहीतर यादीत नाव नाही. दाखला हातात होता. पण आमच्या देवरुखकडे मोठा कागद आला की तो आधी देवापुढे जातो. (मी सातवीतून शाळा सोडलेली, त्यामुळे छापील कागदाची भीती आणि भक्ती दोन्ही जास्त!) मी दाखल्याला हळदकुंकू वाहिलं आणि नारळ फोडला. पाणी थेट दाखल्यावर. कुंकू नंबरावरून, नावावरून ओघळत शिक्क्यापर्यंत पोचलं.

माझं कळव्यात इस्त्रीचं दुकान. ओला कागद बघून हात शिवशिवले. बायको म्हणाली, राहू द्या. म्हटलं, अगं, धंदाच आहे माझा. एकच हात फिरवला. कुंकू असं पक्कं बसलं की रंगाऱ्याने पाया पडावं! वर इस्त्रीचं टोकही उमटलं.

सोसायटीच्या सेक्रेटरींनी कागद उलटसुलट करून विचारलं, "लग्न कोणाचं आहे?"

हा कागद चालणार नव्हता, म्हणून नवा मागायला मी कोर्टात गेलो. गेटवर पोलीस दिसले, मी उगाचच माफी मागितली. भोईरकाकांनी यंत्र थांबवून मला जवळ बोलावलं.

"कोणाचा दाखला?"

"सासूबाईंचा."

"नाव काय त्यांचं?"

"आई."

काकांनी चष्मा काढून पुसला. मी बायकोला फोन लावून नाव विचारलं.

मग इस्त्रीचं टोक उमटलेला दाखला पुढे केला. काका म्हणाले, "घाबरतोस काय रे? कागद गेला, निकाल नाही गेला. तो कोर्टाच्या दप्तरात आहे, त्याची शिक्क्याची नक्कल मिळते."

त्यांनी माझ्याच मोबाइलवर कोर्टाची साइट उघडली, सासूबाईंचं नाव आणि साल टाकलं. केसचा नंबर समोर! (या मोबाइलवर मी दोन वर्षं फक्त भजनं ऐकत होतो.) मग अर्ज टाइप केला, सासूबाईंची सही आणायला लावली, कोर्ट फीचं तिकीट चिकटवलं.

"पण काका, मी सातवी. मला देतील नक्कल?"

"खिडकीवर शिक्षण विचारत नाहीत. परक्यालाही मागता येते, फक्त कशाला हवी ते लिहावं लागतं."

सहाव्या दिवशी शिक्क्याची नक्कल मिळाली. यादीत नाव लागलं. सासूबाई फोनवर रडल्या, मग म्हणाल्या, "जावईबापू, नक्कल माझ्याकडेच राहू दे हं."

काकांचे उपकार मी एक दिवस नक्की फेडणार. तूर्त म्हटलं, तुमचा शर्ट फुकट इस्त्री करून देतो. काकांनी अंगातला शर्ट दोन्ही हातांनी गच्च धरला.