गवतात टाकलेला मोजा

एलवूड ह्रुस्काचं अर्धं आयुष्य कुंपणापाशी उभं राहण्यात गेलं. बेसबॉलच्या मैदानात डावीकडे, सगळ्यांत लांब. महायुद्धाआधी मोठ्या शहराच्या संघानं एकदा बोलावलं होतं, पण महिन्याभरात परत धाडलं. मग आयोवा-नेब्रास्कातली लहान गावं, हाडं खिळखिळी करणाऱ्या बसगाड्या आणि गार सॉसेज. जिना चढताना आधी गुडघे बोलायचे, मग एलवूड.

त्या वर्षी बायकोनं, व्हर्नानं, निर्वाणीचं सांगितलं. "माझ्या भावाच्या दुकानात जनावरांच्या खाद्याची पोती उचलायला माणूस हवाय. उन्हाळा संपेपर्यंत थांबेल तो. पुढं नाही."

"आणि मॅनेजरनं मला संघात आणखी वर्षभर ठेवलं तर?"

"तुला ठेवून काय लोणचं घालणारे तो?"

तरी एलवूडला एक उन्हाळा अजून हवाच होता. अंगात त्राण नव्हतं, पण दुसरं काही येतही नव्हतं. मॅनेजर प्रूट शेवटच्या रविवारच्या सामन्यानंतर सांगणार होता.

जुन्या खेळाडूंची एक रीत होती. आपल्या संघाची फटकवायची पाळी आली, की चेंडू झेलायचा हातातला चामड्याचा मोजा तिथंच गवतात टाकायचा नि बाकावर यायचं. त्या वर्षी नियम निघाला, मोजे उचलून न्या. बाकीच्यांनी ऐकलं. एलवूडचा हात मात्र आपसूक उघडायचा. पंच ओरडायचा, "ह्रुस्का, तुझं मांजर राहिलं बघ गवतात!" की चालला लंगडत माघारी. लोक हसून लोळायचे.

रविवारी ऊन असं, की कणसं ताटावरच भाजावीत. शेवटच्या, नवव्या डावात मोजा पुन्हा राहिला. पंच पाणी पीत होता, त्यानं पाहिलं नाही. बाकावर टेकल्यावर एलवूडला आठवलं. पण उठवेना. जाऊ दे, म्हणाला, एवढ्यानं काय होतंय.

तेवढ्यात एलवूडच्या संघातल्या गड्यानं चेंडू उंच उडवला. एलवूडच्याच जागेवर आता समोरच्या संघाचा लाईल नावाचा तरणा पोरगा उभा होता; तो आभाळाकडे बघत उलटा धावला, मोज्यावर पाय पडला आणि कोसळला. चेंडू कुंपणापर्यंत घरंगळला. तेवढ्या वेळात धाव पुरी झाली आणि सामना एलवूडच्या संघानं जिंकला.

सगळे नाचत असताना एलवूड लाईलपाशी पोचला. घोटा भोपळ्यासारखा सुजला होता.

"कुणाचा रे हा मोजा?"

"माझा."

"वरच्या पातळीच्या संघानं बोलावलं होतं मला, म्हाताऱ्या. मंगळवारी निघायचं होतं."

एलवूडनं वाकून मोजा उचलला. लाईलला उचलून नेईपर्यंत तो नुसता उन्हात उभा राहिला.

प्रूटनं येऊन पाठीत थाप मारली. "पुढच्या मोसमात, एप्रिलमध्ये ये रे! तुझा मोजा तुझ्याहून बरा खेळतो."

"नाही यायचो."

"ऊन लागलं का तुला?"

"थकलो, प्रूट. वाकायचा कंटाळा केला मी, आणि पाय त्या पोराचा गेला."

बाहेर व्हर्ना गाडीत वाट बघत होती. "ठेवलं का?"

"ठेवत होता. मीच नको म्हटलं."

इतकी वर्षं हेच ऐकायला टपलेली बाई, पण तिला हसू आलं नाही. "घरी जायचं?"

"आधी दवाखान्यात घे."

"गुडघे का?"

"नाही गं," एलवूड म्हणाला. "दुसऱ्याचा घोटा."