मध्यंतरात बंद केलेला टीव्ही

नगरच्या कॉलेजात मला फुटबॉल शिकवणारे सर आमच्याच गावचे, अकोले तालुक्यातल्या डोंगरातले. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिला, तोही त्यांच्यामुळे. सर फौजेच्या संघातून दहा वर्षं खेळले, मग गुडघा गेला. त्यांच्या वडिलांनी, म्हणजे तात्यांनी, त्यांचा एकही सामना पाहिला नव्हता. एका रविवारी दुपारी टीव्हीवर फुटबॉलच्या मोठ्या स्पर्धेचा अंतिम सामना होता. त्यावर बोलायला सरांना मुंबईला बोलावलं, तेव्हा ते मला म्हणाले, "तू गावाला जा. तात्यांना एवढं दाखव."

त्या दिवशी गावात वीज नव्हती. जीपवाल्या मामांनी जीपची बॅटरी काढून आपल्या लहान टीव्हीला जोडली. "उतरली तर उद्या तूच जीप ढकलायची," असं बजावलंही. तात्या धुतलेली टोपी घालून अगदी पुढे बसले.

अर्धा तास झाला तरी सर दिसेनात. बॅटरी उतरत होती, चित्र कडेनं आक्रसत होतं.

"कुठंय?"

"येतील, तात्या."

"मगापासनं त्येच सांगतुयास. ह्या पळनाऱ्यांत तर न्हाई ना?"

मामा हसले. "तात्या, त्यो आता सायेब हाय. खुर्चीत बसून बोलनार."

शिट्टी वाजली. मध्यंतर झालं. मी उठून टीव्ही बंद केला. क्रिकेटच्या जेवणाच्या सुट्टीत आम्ही असंच करायचो, बॅटरी वाचावी म्हणून. दुसरं काही माझ्या मनातच आलं नाही.

पुन्हा लावला तेव्हा खेळ सुरू झाला होता. निवेदक मध्यंतरातल्या पाहुण्यांचे आभार मानत होता. हिंदीत होतं, पण सरांचं नाव तात्यांना कळलं.

"यिऊन गेला व्हय?"

"अरं, कॉलेजात जातुयास ना तू?" मामा ओरडले. तात्यांनी हातानंच त्यांना थांबवलं. सामना संपेपर्यंत ते तसेच बसून होते. मग हळूच म्हणाले, "अंगात काय घातलं असंल रं त्यानं?"

"निळा कोट." तो प्राचार्यांकडून मागून आणलेला होता. इस्त्री मीच केली होती.

पुढच्या शनिवारी सर गावी निघाले, मीही सोबत होतो. एसटीत दोन-तीनदा सांगायला तोंड उघडलं, पण धीर झाला नाही. घरात पाऊल टाकताच तात्या म्हणाले, "बगितलं रं तुला. निळा कोट लई शोबला."

सर "हो," म्हणाले आणि पाया पडले.

परतताना ते खिडकीबाहेर बघत होते. मग म्हणाले, "स्टुडिओतल्या दिव्यांनी फार उकडत होतं. कोट मी आधीच काढून ठेवला होता."

तेव्हा मी सगळं सांगितलं. ते रागावले नाहीत.

नंतर सर तीनदा टीव्हीवर आले. मी तात्यांशेजारी बसून पाहिलं, मध्यंतरात टीव्हीला हात न लावता. तिन्ही वेळा सरांच्या कपाळावरून घाम ओघळत होता, पण त्यांनी निळा कोट काढला नाही.