मी काढलेले दिवे

त्या घरातले सगळे दिवे माझ्या नवऱ्याने लावले होते. ते घर म्हणजे कॉम्प्युटरवरच्या एका खेळातलं. जंगलात उतरायचं, लाकूड आणि दगड गोळा करायचे, घर बांधायचं आणि काळोख पडला की बाहेर हिंडणाऱ्या जनावरांपासून जीव सांभाळायचा, असा तो खेळ. जनावरं उजेडाला भितात. जिथं दिव्याचा उजेड पोचत नाही तिथं ती जमिनीतून उगवल्यासारखी उभी राहतात. त्यामुळे भिंतींइतकंच लक्ष दिव्यांकडे द्यावं लागतं.

नवरा बोटीवर आहे. मोठ्या प्रवासी बोटीच्या लाँड्रीत तो काम करतो. आठ-नऊ महिने तिकडे आणि उरलेले इथे पार्सेला, असं आमचं लग्न झाल्यापासून चाललंय. घरात मी आणि सासूबाई. मागे काजूचं लहानसं भाट, म्हणजे बागायत, आहे. मी सकाळी पेडण्याला जाते, बाजारातल्या झेरॉक्सच्या दुकानात लोकांचे अर्ज टाईप करून देते आणि संध्याकाळी परत येते.

एका सुट्टीत तो जुना कॉम्प्युटर घेऊन आला. बोटीवरच्या पोरांनी त्याला या खेळाचा नाद लावला होता. मला वाटलं, आता सुट्टीही याच्यातच जाणार. पण त्याने खिडकीपाशी, आमच्या भाषेत जनेलाजवळ, दोन कदेलं म्हणजे खुर्च्या मांडल्या आणि म्हणाला, "बस हंय. तू लाकडां तोड, मी घर बांधतंय."

त्या पावसाळ्यात आम्ही रोज संध्याकाळी बसायचो. एकच कॉम्प्युटर, म्हणून थोडा वेळ तो आणि थोडा वेळ मी. नदीकाठच्या टेकडीवर त्याने घर उभं केलं. खाली स्वयंपाकाची खोली, वर निजायची, मागच्या बाजूला नदीकडे उतरणाऱ्या दगडी पायऱ्या. आधी मशाली होत्या, मग तेलाचे कंदील, मग पवनचक्की बसवून तारा ओढल्या आणि विजेचे दिवे आले. दिवे लावताना त्याचा चेहरा बघण्यासारखा असायचा. एक दिवा लावायचा, चार पावलं मागे जाऊन बघायचा, पुन्हा पुढे. मी शेजारी पातोळ्या खात बसलेली.

मग तो गेला. पूर्वी दाबोळीला सोडायला जायचं तर अर्धा दिवस मोडायचा, वाटेत बोलणं व्हायचं, कुठेतरी चहा व्हायचा. आता मोपाचा विमानतळ घराजवळच आहे. गाडीत बसलो आणि उतरलो. परत आले तेव्हा त्याने प्यायलेल्या चहाचा कप अजून ओट्यावर होता.

जाताना त्याने एक व्यवस्था करून ठेवली होती. ते घर आमच्या कॉम्प्युटरवर राहतं. मी कॉम्प्युटर चालू ठेवला तर तो बोटीवरच्या आपल्या लॅपटॉपवरून आत येऊ शकतो. पण समुद्रात असताना नेट कसलं आणि काय. बोट बंदराला लागली, त्याला खाली उतरायला मिळालं आणि कुठल्या तरी कॅफेत नेट मिळालं, तरच. तो मेसेज टाकायचा, "येतंय." मी दुकानात असले तर घरी फोन करून सासूबाईंना बटण दाबायला सांगायची. त्या बटण दाबायच्या आणि कॉम्प्युटरला हात जोडल्यासारखं करून आत जायच्या.

पण असं क्वचित. बहुतेक वेळा त्या घरात मी एकटीच असायची. कामावरून आले, चहा झाला, सासूबाई टीव्हीसमोर बसल्या की मी जनेलाजवळ जायची. शेजारचं कदेल तसंच होतं. त्यावर मी धुतलेले कपडे ठेवायला लागले.

एकटी फिरताना मला ते घर नीट दिसायला लागलं. वरच्या खोलीतला दिवा पलंगाच्या बरोबर डोक्यावर होता. पांढराफेक, इस्पितळातल्यासारखा. स्वयंपाकघरात चुलीपाशी काळोख, आणि जिथं कोणी उभं राहत नाही त्या कोपऱ्यात लख्ख. पुरुषाने लावलेले दिवे, असं मी मनात म्हटलं. हलवायचे ठरवले.

पण लावलेला दिवा काढायचा कसा ते मला माहीत नव्हतं. हाताने उचलता येईना. मग हातोडा घेऊन मारला, तर दिवा राहिला जागेवर आणि मागची भिंत कोसळली. बाहेर काळोख झालेला. त्या भगदाडातून दोन जनावरं आत आली. मी जिन्यावरून पळाले, खाली पडले, आणि पलंग, पेटी, सगळ्याची वाट लागली. मी कॉम्प्युटर तसाच सोडून उठले. स्वयंपाकघरात गेले, पाणी प्यायले. सासूबाईंनी विचारलं, "काय गो झाला?" मी म्हटलं, "काही नाही, भिंत पडली." त्या घाईघाईने उठून मागच्या पडवीत बघून आल्या.

मी नवऱ्याला लिहिलं. तीन-चार दिवसांनी मोबाईलवर त्याचा रेकॉर्ड केलेला आवाज आला, मागे यंत्रांची घरघर.

"अगो, दिव्याकडे बघ, भिंतीकडे बघू नको. आधी तार सोडव, नायतर तो सुटाचो नाय. मगे हातोडो घेऊन बरोबर समोर उभी रव आणि माऊसाची उजवी कळ दाबून धर. मारू नको. वर्तूळ भरात, भरतला, तवसर सोडू नको. मगे दिवो पिशयेत येतलो."

तो आवाज मी कितीदा ऐकला असेल. ऐकायची गरज संपल्यावरही ऐकला. घरच्या फोनवर आमचं बोलणं म्हणजे आईची गोळी, गॅस, भाटातली काजू. शेजारी सासूबाई असायच्या, मी "तुम्ही जेवलात का?" विचारायची. असं सावकाश, माझ्यासाठी म्हणून, तो फोनवर कधी बोलत नसे. खेळात आम्ही टाईप करून बोलायचो. तिथं मी त्याला "तू" म्हणायची. ते कधी सुरू झालं ते आठवत नाही.

पुढे मला जमलं. तार सोडवायची, दिव्यासमोर उभं राहायचं, कळ धरायची. दिव्याभोवती एक पांढरं वर्तुळ हळूहळू भरत यायचं आणि दिवा सुटून पिशवीत पडायचा. खऱ्या भिंतीवरून होल्डर काढला तर खिळ्याचं भोक राहतं, रंगाचा डाग राहतो. तिथं काहीच राहत नाही. भिंत अशी कोरी, जणू तिथं कधी काही नव्हतंच. मला ते आवडायचं. मी पलंगावरचा दिवा काढून दाराशी लावला. कोपऱ्यातला चुलीपाशी आणला. एक थोडा खाली घेतला, मग आणखी थोडा. नवे दिवे करायला तांबं लागायचं, ते माझ्याजवळ नव्हतं. म्हणून एक हवा असला की दुसरीकडचा काढायचा.

सासूबाई एकदा मागे येऊन उभ्या राहिल्या. म्हणाल्या, "दिसभर ह्या घरातले दिवे काढतंस आणि लावतंस. आमच्या मागच्या दारचो बल्ब गेलो हा, तो बदल आधी." मी स्टूल घेऊन बल्ब बदलला. परत येऊन बसले.

मागच्या पायऱ्यांवरचे दोन दिवे मी काढले ते असेच. नदीकडे मी कधी जात नव्हते. मला ते दिवे वरच्या खोलीत हवे होते.

गणेशचवथीच्या थोडं आधी त्याचा मेसेज आला. बोट बंदरात आहे, तासभर मोकळा आहे. रविवारची दुपार होती, मी घरीच होते. मी कपडे उचलून कदेल मोकळं केलं, का कोण जाणे. तो नदीच्या बाजूने आला. तिथं काळोख होत होता. मी वरच्या खोलीत उभी, मी मांडलेल्या उजेडात, त्याची वाट बघत. त्याला दाखवायचं होतं, बघ, आता कसं घर वाटतं.

पडद्यावर त्याची अक्षरं आली. "हंयलो दिवो खंय?"

मी लिहायला लागले तोवर त्याला पायऱ्यांवर जनावराने धरलं होतं. तो मेला. त्या खेळात माणूस मेला की दूर कुठेतरी पुन्हा उठतो, पिशवी जिथल्या तिथे पडते आणि घरी चालत यावं लागतं. तो चालत येत राहिला. मी मशाल घेऊन त्याला शोधायला निघाले. आमची गाठ पडायच्या आधीच त्याचं नेट गेलं. मी झाडांमध्ये उभी, आणि त्याच्या नावाची पाटी पडद्यावरून पुसली गेली.

नंतर बरेच दिवस काही नाही. बोट समुद्रात होती, ते मला माहीत होतं. तरी फोन उशाशी घेऊन निजायची. चवथ आली. गणपतीच्या वर फळा-पानांची माटोळी बांधायला मी आणि शेजारचे काका. आरतीला घर भरलं, सगळ्यांनी त्याची चौकशी केली, मी सगळ्यांना "बरे आहेत" म्हणून सांगितलं.

विसर्जन झालं, त्यानंतर त्याचा आवाज आला. रागावलेला नव्हता. रागावला असता तर बरं वाटलं असतं.

"आमची केबिन पाण्याखाली. जनेल नाय. दिवो मालवलो की हात दिसणा नाय. झोप येणा नाय तेवा मी त्या घरात जातंय. डोळे मिटूनच, मशीन नाय लागणा. नदीकडसून पायऱ्यो चढतंय, एक दिवो, दुसरो दिवो, मगे दार, मगे चूल. वर जायसर झोप लागता. आता पायऱ्यांर येतंय आणि दिवो नाय ह्यां आठावता."

शेवटी म्हणाला, "ऱ्हवांदे. तुका बरो दिसता तसो ठेव."

त्या संध्याकाळी मी सगळे दिवे परत जागेवर लावायला बसले. पायऱ्यांवरचे दोन लावले. पण उजव्या कठड्यावर होते की डाव्या? किती उंच? दिवा काढलेल्या त्या कोऱ्या भिंतींवर मी शोधत राहिले. अंदाजाने लावला, काढला, पुन्हा लावला. तेवढ्यात गावची वीज गेली आणि ते घर, हे घर, दोन्ही एकदमच काळोखात गेली. आतून सासूबाई मेणबत्ती कुठे आहे म्हणून विचारत होत्या.

काजूला मोहोर आला तेव्हा तो घरी आला. बारीक झाला होता. पहिले काही दिवस नुसता झोपायचा, दुपारीही. सकाळी पाव विकणारा पोदेर आला की त्याच्याकडून उंडे घेऊन यायचा, चहा प्यायचा आणि पुन्हा आडवा. खेळाचं नाव काढेना. एकदा मी म्हटलं, "बसूया का थोडा वेळ?" तर म्हणाला, "आता मी हंयच आसंय मां. मगे तां कित्याक?"

बरोबरच होतं त्याचं. तो इथे होता. पण इथे आमच्याजवळ बोलायला आईची गोळी, गॅस आणि काजू एवढंच होतं. तो बाहेर पडवीत, मी ओट्यापाशी. मला त्याची आठवण यायची, तो घरात असताना.

एका दुपारी सासूबाई पेडण्याला नात्यातल्या बारशाला गेल्या होत्या. मी एकटीच खेळायला बसले. कधी उठला कळलं नाही, तो मागे येऊन उभा होता. म्हणाला, "तो दिवो जरा सकयल घे."

मी काढला, खाली लावला.

"आणखी. हां. तो दुसरो डाव्या हाताक."

तो कदेलावर बसला. त्याच्याखाली माझ्या साडीच्या घड्या होत्या, त्याही काढल्या नाहीत. ती सगळी दुपार आम्ही दिवे हलवत होतो. तो सांगायचा, मी तार सोडवायची, कळ धरायची. प्रत्येक दिव्याची जागा त्याला पाठ होती. पायऱ्या झाल्या, दार झालं, चूल झाली. चुलीपाशी मी आणलेला दिवा मात्र म्हणाला, "हो हंयच असांदे, बरो आसा." मला फार बरं वाटलं. धीर करून मी विचारलं, "आणि रात्री डोळे मिटून तू असो घरात फिरतंस, तेवा मी खंय असतंय?"

त्याने थोडा विचार केला. चेष्टा करत नव्हता, खरोखर आठवून बघत होता.

"तू? तू लाकडां तोडूक गेलेली असतंस."

मला हसू आलं. तोही हसला. मग मी विचारलं, "मगे मी परत येतंय का?"

"मी झोपतंय मां तवसर," तो म्हणाला.

फाटकाची कडी वाजली, सासूबाई आल्या. मी उठून चहा ठेवला. तिघे पडवीत बसलो, बारशाला कोण कोण होतं ते त्या सांगत होत्या.

तो परत गेला त्याला आता बरेच महिने झाले. बंदराला लागला की येतो, पायऱ्या चढतो, दिवे मोजल्यासारखा बघतो, मग थोडं लिहितो. त्या घरातल्या दिव्यांना मी आता हात लावत नाही. नदीच्या वरच्या अंगाला, वळणापलीकडे, मी माझ्यासाठी एक खोली बांधली आहे. तांबं मला आता सापडतं. तिथले दिवे मी हवे तसे लावते, आवडले नाहीत तर काढते, दुसऱ्या भिंतीवर लावून बघते. टेकडीवरच्या घरातून ती खोली दिसत नाही. त्याला मी अजून सांगितलेलं नाही. त्यानेही विचारलेलं नाही की तू इतका वेळ असतंस खंय.