हसायचं नाही, एवढंच काम

अमरावतीच्या कॉलेजात आमची विनोदी जोडी होती. मी शिरगणतीचा कारकून होऊन प्रश्न विचारायचो आणि माझा मित्र शेतकरी होऊन उलटी उत्तरं द्यायचा. मी हसायचं नाही, एवढंच माझं काम. "तुया जागी खांब उभा केला तरी चालते बे," असं तो म्हणायचा. घरात कॉलेजचं तोंड पाहिलेला मी पहिलाच, त्यामुळे मला ते खरंही वाटायचं.

अकोल्याच्या स्पर्धेला जाताना तो मूर्तिजापूरला चहा प्यायला उतरला आणि गाडी सुटली. अकोल्यात आमचा नंबर पुकारला, तेव्हा मी एकटाच होतो आणि मला फक्त प्रश्न पाठ होते. घाबरत वही उघडली आणि समोरच्या लोकांनाच विचारलं, "घरात माणसं किती?"

मागून कोणीतरी ओरडलं, "जेवाले बारा, कामाले दोन!"

मी ते गंभीरपणे लिहून घेतलं. हशा पिकला. मग काय, प्रत्येक प्रश्नाला चारी बाजूंनी उत्तरं येऊ लागली.

दुसरं बक्षीस घेऊन खाली उतरलो, तर पुढच्या गाडीने आलेला मित्र धापा टाकत समोर उभा. "मायाशिवाय कसं केलं बे?"

"खांबासारखा उभा राह्यलो," मी म्हणालो. तेव्हाही हसलो नाही.