ह्यात काय ऱ्हायलंय?

“ही पोरगी नुसती सही करतीया, बोलत न्हाय. हिचं काय करायचं?” माझ्याकडे पाठ करून आमच्या वकिलांचे कारकून चहावाल्याला विचारत होते. त्यांच्या समजुतीप्रमाणे ते कुजबुजत होते, म्हणजे कोर्टाच्या पार्किंगपर्यंत सगळ्यांना ऐकू गेलं. कोल्हापुरात मोठ्या आवाजाची माणसं कमी नाहीत, पण जगातली कुठलीही खासगी गोष्ट व्हरांड्यात आणून सोडवणारा हा एकच माणूस मी पाहिला.

वय सत्तरीचं, शर्टाच्या कॉलरला टाचण्यांची रांग. दिवस मावळायच्या आत जेवायचं हा घरचा जैन नेम, त्यामुळे वकीलसाहेबांचे सगळे अर्ज त्याच्या आत तयार होतात. एकदा साहेबांनी सव्वापाचला एक पान बदलायला सांगितलं. डबा उघडत हे म्हणाले, “कोर्ट पुढची तारीख देतंय साहेब. सूर्य देत न्हाय.” पान दुसऱ्या दिवशी बदललं.

प्रतिज्ञापत्राखाली ‘मजकूर पक्षकाराला मराठीत वाचून समजावला’ अशी एक ओळ असते. बाकीचे ती नुसती छापतात. हे ती पाळतात. मी इंग्रजी माध्यमातली, सगळं वाचलंय, असं मी हळूच सांगितलं. “वाचलंयस, ऐकलं न्हाईस,” म्हणाले आणि सुरू झाले. माझा दादा शिरोली एमआयडीसीतल्या एका फाउंड्रीत कामावर असताना गेला. दारूच्या नशेत तोल गेला, असं लिहून पोलिसांनी प्रकरण मिटवत आणलं होतं. तपास त्यांच्याकडून काढून दुसऱ्या यंत्रणेकडे द्यावा, असा आमचा अर्ज. त्यातल्या इंग्रजीत दादा ‘डिसीज्ड’, म्हणजे मयत, होता. कारकुनांनी पहिल्याच ओळीला त्याला ‘हिचा दादा’ केला. शेजारच्या बाकावर आपल्या तारखेची वाट बघणारे तिघं जण सरकून ऐकायला आले. मला खांबाआड जावंसं वाटलं.

वाचून झालं की ते प्रत्येकाला विचारतात, “ह्यात काय ऱ्हायलंय?” भाऊबंदकीच्या दाव्यातल्या एका पावण्याला तेव्हा आठवलं, की वादातली विहीर आजोबांनी कधीच विकून टाकली होती. दावा तिथंच संपला. कारकुनांनी त्याला चहा पाजून बसमध्ये बसवून दिलं.

मी तीन दिवस “काही नाही” म्हणाले. तिन्ही दिवस त्यांनी अर्ज पुढे सरकवलाच नाही. वकीलसाहेब चिडले, आई रडली, हे ढिम्म. चौथ्या दिवशी पुन्हा तोच प्रश्न. मी फाइलची दोरी बोटाला गुंडाळत बसले. पाच वाजले, साडेपाच झाले. आवार रिकामं झालं. डबा पिशवीतच होता. समोरच्या झाडामागे सूर्य गेला तरी ते उठले नाहीत, घड्याळाकडेही पाहिलं नाही. आता हे उद्यापर्यंत उपाशी राहणार, हे माझ्या लक्षात आलं.

तपास आता दुसऱ्या यंत्रणेकडे गेला आहे. आदेशात आमच्या अर्जातल्या अकराव्या परिच्छेदाचा उल्लेख आहे. तो परिच्छेद पाचव्या दिवशी सकाळी टाइप झाला. अजूनही मी दिसले की ते पार्किंगपर्यंत ऐकू जाईल असं कुजबुजतात, “बोलतीया बरं का आता.” आभार मानायचं मला अजून जमलेलं नाही. पण त्या संध्याकाळी, त्यांच्या न उघडलेल्या डब्याकडे बघत मी म्हणाले,

“त्या दुपारी दादाला डबा द्यायला मी गेटवर गेले होते. माझ्या शेजारी बसून जेवला तो. दारूचा वास नव्हता. भाजीत मीठ कमी आहे म्हणून मला चिडवत होता. तासाभरानं फोन आला. हे मला कुणी विचारलंच नाही.”